ड्रमात काय काय पडत गेले

गेवराई-माजलगावच्या गोदाकाठी श्रावण-भाद्रपदात कापसाच्या बांधावर दोनशे लिटरचा निळा ड्रम दिसला की फवारणी चालू आहे हे वेगळे सांगावे लागत नाही. ड्रमात आधी पाणी, मग तुडतुड्यांचे औषध, मग अळीचे, वर दुकानदाराने हातात ठेवलेले टॉनिक आणि जमलेच तर विद्राव्य खत. माप बाटलीच्या टोपणाचे, ढवळायला तुराटी. हे मिश्रण एका हंगामात ठरलेले नाही. वीस-पंचवीस वर्षांत एकेक बाटली त्यात पडत गेली.

२००२ मध्ये बीटी कापसाला परवानगी मिळाली आणि पहिली काही वर्षे बोंडअळीच्या फवारण्या खरोखरच कमी झाल्या. शेतकऱ्याला उसंत मिळाली, हे मान्य केलेच पाहिजे. पण रस शोषणाऱ्या किडींना बीटीने काहीच होत नव्हते. मावा, तुडतुडे, फुलकिडे, पांढरी माशी, मधल्या काळात पिठ्या ढेकूण, अशा एकेकीसाठी नवनवी औषधे आली. पुढे गुलाबी बोंडअळी बीटीलाही दाद देईनाशी झाली. २०१७ च्या हंगामात तिने मराठवाडा-विदर्भातला कापूस पोखरला, तेव्हा जुनी जहाल औषधे नव्यांच्या सोबतीने ड्रमात आली. एका फवारणीची मजुरी निघताना नाकी नऊ येतात, तिथे चार किडींसाठी चार वेळा मजूर कोण लावणार?

त्याच वर्षी यवतमाळ घडले. डोक्याच्या वर गेलेला कापूस, दमट उकाडा, बारीक तुषार जोराने फेकणारे पंप. ऑगस्ट ते ऑक्टोबर या काळात त्या एका जिल्ह्यात २० हून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले, शेकडो जण रुग्णालयात दाखल झाले. सरकारने विशेष तपास पथक नेमले. विदर्भातल्या काही जिल्ह्यांत पाच औषधांच्या विक्रीवर तात्पुरती बंदी आली. त्यांतली दोन तर कारखान्यातूनच मिसळून येणारी होती: प्रोफेनोफॉस-सायपरमेथ्रिन आणि फिप्रोनिल-इमिडाक्लोप्रिड.

दोन विषे एकत्र आली की दर वेळी त्यांची नुसती बेरीज होते असे नाही. हे कळून आता साठ वर्षांहून अधिक काळ लोटला आहे. मॅलाथिऑन माणसाला तुलनेने सौम्य, कारण कार्बोक्सिलएस्टरेज नावाचे विकर ते शरीरात फोडून टाकते. १९५७ मध्ये अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनातील शास्त्रज्ञांनी मॅलाथिऑनसोबत ईपीएन हे दुसरे कीटकनाशक प्राण्यांना दिले. ईपीएनने ते विकरच निकामी केले. उंदरांत विषारीपणा दहा पटींपर्यंत वाढला, कुत्र्यांत पन्नास पटींपर्यंत. १९७६ मध्ये पाकिस्तानात हिवताप मोहिमेत मॅलाथिऑन फवारणाऱ्या सुमारे ७,५०० कामगारांपैकी २,८०० जणांना विषबाधा झाली, पाच जण गेले. तिथे साठवणीत तयार झालेल्या आयसोमॅलाथिऑनने हेच विकर अडवले होते.

आता बांधावरच्या ड्रमाकडे पाहा. सायपरमेथ्रिनची विल्हेवाट लावायला शरीराला याच जातीची विकरे लागतात आणि प्रोफेनोफॉस नेमकी तीच रोखते. अळीच्या पोटातही हेच घडते, म्हणून तर जोडऔषधाचा गुण लवकर येतो. फवारणाऱ्याच्या यकृतात तोच गुण उलटतो. भिजलेल्या शर्टातून पाठीत मुरणारे पाणी कीड आणि माणूस असा भेद करत नाही.

आपला कीटकनाशक कायदा १९६८ चा. कारखान्यात केलेल्या मिश्रणाची तरी वेगळी नोंदणी होते, बांधावरच्या मिश्रणाची कुठेच नाही. लेबलवरच्या, विषारीपणा दाखवणाऱ्या त्रिकोणाचा रंग त्या बाटलीतल्या औषधापुरता ठरतो. दोन पिवळे आणि एक निळा ड्रमात ओतले की कोणता रंग होतो, हे कुठल्याच लेबलवर छापलेले नसते. आणि काय मिसळायचे हे दुकानदार व मालक ठरवतात, पंप मात्र मजुराच्या पाठीवर असतो. मला या सगळ्यात हीच गोष्ट सर्वांत अन्यायाची वाटते.

२०२३ मध्ये केंद्राने मोनोक्रोटोफॉस या कीटकनाशकाच्या ३६ टक्के द्रावणाची विक्री बंद करण्याचा आदेश काढला. उशिरा का होईना, चांगले झाले. पण हा निर्णयही एका बाटलीचाच आहे.

घाम, लाळ, उलट्या, बारीक झालेल्या बाहुल्या अशी लक्षणे घेऊन रुग्ण आला की डॉक्टरांचा पहिला प्रश्न असतो, कोणते औषध? प्रोफेनोफॉससारख्या सेंद्रिय फॉस्फरस औषधांवर अॅट्रोपिन चालते, सायपरमेथ्रिनसारख्या पायरेथ्रॉइडवर खास उतारा नाही. नातेवाईक बहुधा एकच बाटली दाखवतात. फवारणीच्या दिवसांत तालुक्याच्या रुग्णालयात सेंद्रिय फॉस्फरसची बाधा ओळखण्यासाठी रक्तातील कोलिनएस्टरेज या विकराची तपासणी हवी आणि कृषी सेवा केंद्राच्या बिलावर एकाच वेळी दिलेल्या सगळ्या औषधांची नावे हवीत. तोवर कोणाला चक्कर आली तर अंबाजोगाईच्या रुग्णालयाकडे निघताना ड्रमाजवळच्या सगळ्या बाटल्या पिशवीत घालून सोबत न्याव्यात, टॉनिकचीसुद्धा.