हादग्याची फुलं

असोद्याचं नाव निघालं की ऐकणाऱ्याला दोन गोष्टी आठवतात. एक म्हणजे बहिणाबाई चौधरी. १८८० साली त्यांचा जन्म इथलाच. दुसरी म्हणजे भरताची वांगी. जळगावच्या भरताच्या वांग्याला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळालं, तेव्हा त्याची कीर्ती कागदावरही आली. आज मात्र मी बोलणार आहे ती बाजारात सहसा न दिसणाऱ्या एका भाजीबद्दल. ही भाजी वेलीवर येत नाही, जमिनीतूनही येत नाही. ती झाडावर फुलते. हादग्याची फुलं.

आमच्या मळ्यात विहिरीजवळ हादग्याचं झाड होतं. सासूबाईंनी लावलेलं. पावसाळा सरत आला की त्याला पांढऱ्या कळ्या लागायच्या, चंद्रकोरीसारख्या वाकड्या आणि बोटाएवढ्या लांब. सकाळी त्या टोपलीभर फुलं खुडून आणायच्या, ओट्यावर बसून निवडायच्या आणि दुपारी ताटात भाजी असायची. निवडताना त्या नेमकं काय करतात, हे मी कधी नीट पाहिलंच नाही.

त्या गेल्या, त्या वर्षी मी पहिल्यांदा ही भाजी केली. फुलं धुतली, चिरली, फोडणीला टाकली. भाजी इतकी कडू झाली की घरात कुणी दुसरा घास घेतला नाही. ‘झाड म्हातारं झालं, फुलं कडू झाली,’ असं आम्हीच ठरवून टाकलं. दोन वर्षं ती फुलं झाडाखाली पडून सुकली.

मग एकदा शेजारच्या काकू मळ्यात आल्या. त्यांनी एक फूल उचललं, देठाकडचा हिरवा पेला काढला, पाकळ्या बाजूला सारल्या आणि आतली वाकडी दांडी उपसून माझ्या तळहातावर ठेवली. “हे काढलं होतं का?” मी नाही म्हटलं. कडूपणाचं मूळ तिथं होतं. हादग्याच्या फुलात दहा पुंकेसर असतात. नऊ एकमेकांना चिकटलेले, एक सुटा, आणि त्यांच्या मधोमध स्त्रीकेसर. हा सगळा जुडगा काढून टाकला की उरतात त्या पाकळ्या चवीला सौम्य असतात. झाड निर्दोष होतं. एक सोपी गोष्ट माहीत नसल्यामुळे मी ते जेवणातून काढून टाकलं होतं.

वनस्पतिशास्त्रात या झाडाला सेस्बेनिया ग्रँडिफ्लोरा म्हणतात. ग्रँडिफ्लोरा म्हणजे मोठ्या फुलांचं. हे कडधान्यांच्या कुळातलं झाड आहे. म्हणूनच त्याच्या मुळांवर गाठी येतात आणि त्यांतले जिवाणू हवेतला नत्र जमिनीत आणतात. शेवरी ही त्याची जवळची बहीण. दोघींची पानं सारखीच दिसतात, पण शेवरीची फुलं लहान आणि पिवळी, तर हादग्याची मोठी, पांढरी किंवा लाल. भाजीला पांढरी घ्यावीत.

आपल्याकडे कुणी याला हादगा म्हणतं, कुणी हेटा, कुणी अगस्ता. पश्चिम महाराष्ट्रात हादगा म्हटलं की मुलींचा फेर आठवतो. आमच्या खानदेशात त्या दिवसांत गुलाबाई बसते. झाडही त्याच सुमारास फुलतं. पाऊस ओसरू लागला की पहाटे दक्षिणेला अगस्तीचा तारा दिसू लागतो, त्यावरून झाडाचं नाव अगस्त्य पडलं, असं परंपरेनं सांगतात. तमिळमध्ये ते अगत्ती झालं. तिकडे एकादशीचा उपास द्वादशीला सोडताना या झाडाच्या पाल्याची भाजी मानाची. बंगालीत हे बकफूल. बक म्हणजे बगळा. कळी त्याच्या चोचीसारखी दिसते. बंगाली घरांत ही फुलं पिठात बुडवून तळतात.

समुद्रापलीकडे फिलिपीन्सच्या उत्तरेला इलोकोस नावाचा प्रांत आहे. तिथले इलोकानो लोक या फुलाला कातुराय म्हणतात. ते फुलं उकळत्या पाण्यातून काढतात आणि टोमॅटो, कांदा व आंबवलेल्या मासळीची चटणी घालून खातात. भाज्यांच्या पातळ कालवणातही टाकतात. पण त्याआधी तिथल्या बायकाही मधली कडू दांडी काढतात. आमच्या ओट्यावर जे चाललं होतं, तेच तिथंही चालतं.

आता करण्याची रीत. फुलं सकाळी, पुरती उमलण्याआधी खुडावीत. आत मुंग्या असतात, म्हणून प्रत्येक फूल उघडून बघावं. पेला आणि दांडी काढून हलक्या हातानं धुवावं. तेलात मोहरी, लसूण, हिरवी मिरची आणि कांदा परतून फुलं टाकावीत. फुलांना पाणी सुटतं आणि ती झटकन बसतात. टोपलीभर फुलांची वाटीभर भाजी होते. ते पाणी धरायला वरून बेसन पेरावं किंवा भिजवलेली मुगाची डाळ आधी शिजत घालावी. चार-पाच मिनिटांची वाफ पुरे, नाहीतर लगदा होतो. सोबत कळण्याची भाकरी.

आमचं ते झाड नंतर एका वादळात पडलं. हादग्याचं लाकूड नरम आणि आयुष्य थोडं. हे वडा-चिंचेसारखं पिढ्यान्‌पिढ्या उभं राहणारं झाड नाही. कुणीतरी ते पुन्हा लावावंच लागतं. मी बी ठेवलेलं नव्हतं. पूर्वी पानमळ्यात वेलींना आधार म्हणून आणि बांधावर गुरांना पाला म्हणून हादगा लावत. आमच्या शिवारातले बांध मात्र अरुंद झाले होते. दोन-तीन गावं विचारत फिरले, तेव्हा एकाच्या परसात लांबलचक शेंगा लटकताना दिसल्या.

बी पावसाच्या तोंडावर थेट जमिनीत लावलं तरी चालतं. रोप भराभर वाढतं, फक्त शेळ्यांपासून जपावं लागतं, कारण हा पाला त्यांना फार आवडतो. छाटणी बेतानं करावी. वारंवार बुंध्याशी तोडलेलं झाड टिकत नाही. आणि दर वर्षी चार शेंगा झाडावरच वाळू द्याव्यात.

माझं नवं झाड आता फुलतं. फुलं निवडायला बसले की नातीला शेजारी बसवते. पहिल्या फुलातली दांडी मी काढून दाखवते, दुसऱ्यातली ती काढते.

(नभोवाणी भाषणाचा संपादित भाग)