वीजदेयक-विवाद निवारण

विजेच्या देयकासंबंधी ग्राहक व पुरवठा संस्था यांच्यात उद्‌भवणारे मतभेद मिटविण्याची विधिमान्य पद्धती. विजेचे मापन, आकारणी आणि पुरवठा तोडण्याचा अधिकार हे तिन्ही पुरवठा संस्थेच्याच हाती असल्यामुळे हा विवाद सामान्य धनको-ऋणको यांच्या विवादाहून भिन्न ठरतो. वादाचा निर्णय कोणी करावा आणि तो होईपर्यंत पुरवठा चालू राहावा काय, हे यातील दोन मूलभूत प्रश्न होत.

कारणे : सदोष वा बंद मीटर, चुकीचे वाचन, चुकीचा दरवर्ग आणि जुन्या फरकाची एकदम मागणी ही प्रमुख कारणे होत. 2020 मधील टाळेबंदीत महाराष्ट्रात मीटरवाचन थांबले व सरासरीवर देयके देण्यात आली. वाचन पुन्हा सुरू झाल्यावर साचलेला फरक एकदम आकारला गेल्याने तक्रारी वाढल्या. अशा वेळी वापराची महिन्यांत विभागणी महत्त्वाची असते. उदा., तीन महिन्यांचा वापर 300 युनिट असल्यास तो दरमहा 100 प्रमाणे विभागला असता पहिल्या टप्प्याचाच दर लागतो. एका महिन्याचा धरल्यास 200 युनिटांना वरचा दर पडतो. मीटर नसलेल्या कृषिपंपांची आकारणी अश्वशक्तीनुसार होते व तेथे वाद नोंदलेल्या अश्वशक्तीचा असतो. 7.5 अश्वशक्तीपर्यंतच्या कृषिपंपांसाठी राज्यशासनाने एप्रिल 2024 पासून मोफत वीज योजना लागू केली.

विकास : 1910 च्या भारतीय विद्युत् अधिनियमानुसार मीटरच्या अचूकतेविषयीचा वाद विद्युत् निरीक्षकाकडे जाई आणि सदोष मीटरबाबतची दुरुस्ती सहा महिन्यांपुरती मर्यादित होती. इतर वादांसाठी दिवाणी न्यायालय हाच मुख्य मार्ग होता. 1986 च्या ग्राहक संरक्षण अधिनियमाने ग्राहक न्यायालयांचा पर्याय दिला. 1999 मध्ये महाराष्ट्र विद्युत नियामक आयोग स्थापन झाला. 2003 च्या विद्युत् अधिनियमाने (कलम 42) प्रत्येक वितरण संस्थेस ग्राहक तक्रार निवारण मंच स्थापणे बंधनकारक केले व त्यावर विद्युत् लोकपालाची तरतूद केली. वैयक्तिक देयकांचे वाद आयोगाने नव्हे, तर मंच व लोकपाल यांनी ऐकावयाचे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2007 मध्ये महाराष्ट्रातीलच एका प्रकरणात स्पष्ट केले.

कार्यपद्धती : ग्राहकाने प्रथम वितरण संस्थेच्या स्थानिक कार्यालयाकडे लेखी तक्रार करून पोच घ्यावी. तेथे समाधान न झाल्यास मंचाकडे जाता येते. धाराशिव जिल्ह्याच्या परंडा तालुक्यातील सोनारीसारख्या गावाच्या ग्राहकासाठी हा मंच महावितरणच्या लातूर परिमंडळाचा होय. तक्रारीचे कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत मंचाकडे जावे लागते. मंचाचा निर्णय अमान्य असल्यास 60 दिवसांत लोकपालाकडे दाद मागता येते. ग्राहक स्वतः किंवा प्रतिनिधीमार्फत बाजू मांडू शकतो. मागील देयके, मीटरवाचनाच्या नोंदी व मीटरचा चाचणी-अहवाल हा येथील मुख्य पुरावा होय.

संरक्षण व मर्यादा : थकबाकीसाठी पुरवठा तोडण्यापूर्वी पूर्ण पंधरा दिवसांची लेखी सूचना आवश्यक असते. मागितलेली रक्कम किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीने येणारी रक्कम यांपैकी जी कमी असेल ती निषेध नोंदवून भरल्यास निर्णयापर्यंत पुरवठा तोडता येत नाही (कलम 56). ग्राहकाच्या दृष्टीने ही तरतूद सर्वांत मोलाची आहे. कारण अंधाराच्या भीतीने अमान्य रक्कम भरावी लागल्यास निवारणाचा हक्क नाममात्र उरतो. मात्र केवळ तक्रार करून काहीच रक्कम न भरणाऱ्यास हे संरक्षण मिळत नाही. दोन वर्षांहून जुनी रक्कम देयकात सातत्याने थकीत दाखविलेली नसल्यास तिच्या वसुलीवरही याच कलमाने मर्यादा घातली आहे. तथापि ही मर्यादा पुरवठा तोडण्याच्या सक्तीपुरती असून वसुलीचे इतर मार्ग खुले राहतात, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये दिला. अनधिकृत वापर व वीजचोरी ही प्रकरणे मंचाच्या कक्षेबाहेर आहेत. अनधिकृत वापराच्या आकारणीविरुद्ध निम्मी रक्कम भरून 30 दिवसांत स्वतंत्र अपील करावे लागते (कलम 127). त्यामुळे देयक कोणत्या कलमाखाली दिले आहे, हे प्रथम पाहणे आवश्यक ठरते.