डायना एडुलजी: बळींसोबत नोकऱ्याही मिळवणारी कर्णधार

बाळू पालवणकरांनी १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात शंभरहून अधिक बळी घेतले, तरी जातीमुळे त्यांना हिंदू संघाचे कर्णधारपद मिळाले नाही. हा इतिहास चळवळीतल्या तरुणांना ठाऊक असतो. क्रिकेटमधल्या दुसऱ्या भेदाविषयी, म्हणजे स्त्री-पुरुष भेदाविषयी, आपण कमी बोलतो. तो समजून घ्यायला मुंबईच्या डायना एडुलजी यांची कारकीर्द उपयोगी पडते.

२६ जानेवारी १९५६ रोजी जन्मलेल्या एडुलजी कुलाब्याच्या बधवार पार्क रेल्वे वसाहतीत मुलांबरोबर टेनिस बॉलने खेळत वाढल्या. पुढे त्या डावखुऱ्या फिरकी गोलंदाज झाल्या. १९७६ मध्ये शांता रंगास्वामी यांच्या नेतृत्वाखाली भारतीय महिला पहिली कसोटी मालिका खेळल्या, त्या संघात एडुलजी होत्या. १९७८ च्या विश्वचषकात भारत प्रथमच एकदिवसीय सामने खेळला, तेव्हा कर्णधार त्याच होत्या. १९९३ च्या विश्वचषकातही नेतृत्व त्यांच्याकडेच होते. २० कसोटींत ६३ आणि ३४ एकदिवसीय सामन्यांत ४६ बळी, ही त्यांची कमाई.

पण या कमाईतून पोट भरत नव्हते. तेव्हा महिला क्रिकेट बीसीसीआयकडे नव्हते. १९७३ मध्ये स्थापन झालेली वेगळी संघटना ते चालवत होती आणि तिच्याकडे पैसा नव्हता. खेळाडूंना मानधन नसे, प्रवास अनेकदा विनाआरक्षण डब्यातून होई. एडुलजींनी सांगितल्यानुसार, १९८२ च्या विश्वचषकाला जाण्यासाठी खेळाडूंकडेच प्रत्येकी १०,००० रुपये मागितले गेले होते.

अशा स्थितीत घरची परिस्थिती बेताची असलेली मुलगी किती दिवस खेळणार? याचे उत्तर एडुलजींनी नोकरीत शोधले. त्या स्वतः पश्चिम रेल्वेत होत्या. रेल्वेचा महिला संघ उभा राहावा आणि खेळाडूंना रेल्वेत नोकऱ्या मिळाव्यात, यासाठी त्यांनी पाठपुरावा केला. नोकरी म्हणजे दरमहा पगार, सरावासाठी सवलत आणि घरात बोलायला बळ. पुढे मिताली राज रेल्वेकडून खेळल्या, हरमनप्रीत कौर पश्चिम रेल्वेत नोकरीला होत्या.

बदल यायला वेळ लागला. २००६ मध्ये महिला क्रिकेट बीसीसीआयकडे आले. २०२२ मध्ये स्त्री-पुरुषांचे सामना मानधन समान झाले. २ नोव्हेंबर २०२५ रोजी नवी मुंबईत हरमनप्रीत यांच्या संघाने विश्वचषक जिंकला.

एक गोष्ट विसरू नये. एडुलजींच्या दारात मैदान होते आणि रेल्वेचे जग घरचेच होते. पालघर-बोईसरच्या वस्तीतल्या मुलीकडे यातले काय आहे? याच पालघर तालुक्यातल्या माहीमचा शार्दूल ठाकूर लोकलने मुंबई गाठत भारतीय संघापर्यंत पोहोचला. पहाटेच्या त्याच लोकलने, खांद्यावर किट घेऊन, आपण आपल्या मुलीला पाठवतो का? तारापूर एमआयडीसीत कंत्राटावर राबणाऱ्या आईबापांना सरावाचा आणि प्रवासाचा खर्च झेपतो का?

म्हणून कार्यकर्त्यांनी तीन कामे हाती घ्यावीत. जयंतीनिमित्त भरणाऱ्या क्रिकेट स्पर्धेत मुलींचे सामने ठेवावेत. गावातले मैदान आठवड्यातले काही तास मुलींसाठी राखावे. आणि रेल्वेसह सरकारी खात्यांतल्या क्रीडा कोट्याच्या भरतीची माहिती वस्तीपर्यंत पोहोचवावी. २०२३ मध्ये आयसीसीच्या हॉल ऑफ फेममध्ये गेलेल्या एडुलजी या पहिल्या भारतीय महिला. तिथवरच्या वाटेवर खेळाइतकाच आधार नोकरीचा होता. आपल्या मुलींनाही तोच लागणार आहे.