अंगणातली बुटकी मोरपंखी

आमच्या सातारा-सांगलीकडच्या पोरांची सायप्रसच्या कुळाशी पहिली गाठ पडते ती वहीच्या पानांत. मोरपंखीची चपटी फांदी तोडायची, वहीत दाबून ठेवायची, तिला ‘विद्या’ म्हणायचं आणि परीक्षेच्या सकाळी हळूच उघडून बघायचं. आमच्या शाळेच्या फाटकाशी असं एक झाड होतं. पोरांचा हात पुरेल तिथपर्यंत ते पार ओरबाडलेलं, वर मात्र हिरवंगार. खालचा भाग पुन्हा कधी भरला नाही. का भरला नाही, ते मला फार उशिरा कळलं; पुढे छाटणीच्या ठिकाणी ते येईलच.

आता नर्सरीत त्याच कुळातली बुटकी, सोनेरी, गोल गरगरीत झाडं मिळतात. ती लोक हौसेनं आणतात आणि बरीचशी पहिल्या-दुसऱ्या वर्षीच वाळतात. जागा आणि माती नीट पारखली, तर यातली पुष्कळ झाडं वाचतील.

कूळ आणि नावांचा घोळ

सायप्रस, जुनिपर आणि मोरपंखी, म्हणजे नर्सरीतला ‘थुजा’, ही एकाच कुळातली भावंडं. मोरपंखी मूळची चीन-कोरियाकडची. तिची कोवळी फळं जवळून बघावीत: निळसर हिरवी, मांसल, प्रत्येक खवल्याला मागे वळलेलं एक शिंग. वाळली की ती लाकडासारखी होऊन उकलतात.

आपल्याकडच्या सह्याद्रीत या शंकुधारी वर्गातलं एकही झाड मूळचं नाही. पश्चिम घाटाचा एकमेव देशी शंकुधारी वृक्ष दक्षिणेला, केरळ-तमिळनाडूकडे आहे. कोकणच्या किनाऱ्यावरचं सुरू दिसतं तसंच, पण ते फुलझाडांच्या वर्गातलं. सायप्रसच्या ‘सरू’ या फारसी नावावरून त्याला ते नाव चिकटलं. म्हणजे ही सगळी झाडं आपल्याकडे पाहुणी आहेत, आणि पाहुण्याची सोय बघूनच त्याला घरी बोलवावं.

बुटकं म्हणजे सावकाश

बुटकं झाड एका उंचीला येऊन थांबतं, हा समज आधी सोडावा. ते फक्त सावकाश वाढतं. शंकुधारी झाडांचे जाणकार साधारणपणे वर्षाला अडीच ते पंधरा सेंटिमीटर वाढणाऱ्या जातीला बुटकी म्हणतात, त्याहून कमी वाढणारी ती अतिबुटकी. दहा वर्षांत गुडघ्याएवढं झालेलं झाड तिसाव्या वर्षी छातीला लागू शकतं. म्हणून पायवाटेला खेटून लावू नये.

उलट फसगतही होते. नाताळात छोट्या कुंडीत लिंबाच्या वासाचा पोपटी ‘लेमन सायप्रस’ विकायला येतो. पान चुरगळलं की बोटांना सुंदर वास राहतो. पण तो बुटका नव्हे. त्याचा मूळ वृक्ष कॅलिफोर्नियातल्या मॉन्टेरे गावाजवळच्या किनाऱ्यावर, समुद्राच्या धुक्यात वाढणारा मोठा वृक्ष आहे. ख्रिसमस ट्री म्हणून विकलं जाणारं अरॉकेरियाचं रोप तर पुढे घराच्या कौलांवर जातं.

घाटमाथा वेगळा, कृष्णाकाठ वेगळा

‘आमच्याकडे ही झाडं येतात का?’ या प्रश्नाला दोन जिल्ह्यांसाठी मिळून एक उत्तर नाही. महाबळेश्वर साडेचार हजार फुटांच्या आसपास, पाऊस वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या वर. कडक थंडीत वेण्णा तलावाच्या काठी हिमकण दिसतात. तिथून वीसेक किलोमीटरवर पाचगणीला पाऊस निम्म्याहूनही कमी होतो. सातारा शहर आणखी खाली. सांगलीला पाऊस सहाशे मिलिमीटरच्या आसपास आणि मे महिन्यात पारा चाळिशीला टेकतो. माण, खटाव, आटपाडी, जत हा तर पर्जन्यछायेचा मुलूख.

पाचगणी आणि तिच्या आसपासची हवा या झाडांना सगळ्यांत मानवते. एकोणिसाव्या शतकात जॉन चेसन नावाच्या इंग्रजानं पाचगणीला बाहेरची झाडं आणून लावली; तिथले सिल्व्हर ओक त्याच परंपरेतले. थंड हवा आणि निचऱ्याची तांबडी माती असल्यानं लेमन सायप्रससुद्धा तिथे तग धरतो. महाबळेश्वरला मात्र चार महिने पाऊस-धुक्यात पालवी वाळतच नाही आणि आतून कुजते. तिथे झाड कुंडीत ठेवावं, पावसाळ्यात पागोळ्यांपासून दूर, पण उजेडात.

जपानी हिनोकी सायप्रसच्या बुटक्या जाती जगभरच्या छोट्या बागांत मिरवतात. हिनोकीचं लाकूड जपानमध्ये पवित्र मानतात. इसे इथलं देवस्थान दर वीस वर्षांनी त्याच लाकडानं नव्यानं उभारतात. पण त्याला गारवा आणि आंबट माती लागते. घाटमाथ्यावर प्रयोग जरूर करावा. सांगलीत त्याचा हट्ट धरू नये.

सांगली, मिरज, कऱ्हाडला माझा कौल दोघांना: बुटकी सोनेरी मोरपंखी आणि जुनिपर. मोरपंखी अंड्याच्या आकाराची, न छाटताच नीटनेटकी दिसते. थंडीत तिचं सोनं तांबूस पडतं. तो रोग नव्हे, फाल्गुनात रंग परत येतो. जुनिपर पसरट वाढतो आणि ऊन सोसतो. दोघांनाही सकाळचं भरपूर ऊन हवं, पण एप्रिल-मेमध्ये पश्चिमेच्या भिंतीची धग नको. तिथे दीड-दोन महिने शेडनेट बांधावं.

काळी माती आणि पिशवीतला गोळा

माझी पहिली सोनेरी मोरपंखी काळ्या मातीत गेली. जूनमध्ये लावली, जुलैभर पाऊस लागून राहिला. ऑगस्टमध्ये ती हिरवीच दिसत होती, म्हणून मी निर्धास्त होतो. गणपतीत एकदम करडी पडली. उपटून पाहिलं तर मुळांचा गोळा अजून पिशवीच्याच आकाराचा, चिकट तांबड्या मातीचा, आत मुळं गोल गोल फिरलेली आणि कुजका वास. तेव्हा कळलं की हे झाड मुळं मेल्यावरही कित्येक आठवडे हिरवं राहतं. रंग बदललेला दिसतो, तोवर वेळ निघून गेलेली असते.

तेव्हापासून मी तीन गोष्टी करतो. लागवड पावसाळ्याच्या तोंडावर न करता दसरा-दिवाळीच्या सुमारास. रोप पिशवीतून काढलं की बादलीभर पाण्यात गोळा बुडवून बाहेरची चिकट माती बोटांनी हलकेच सोडवायची, गोल फिरलेली मुळं मोकळी करायची. पण गाभ्याची माती राहू द्यायची, कारण सगळी मुळं उघडी पाडलेली या झाडांना सोसत नाहीत. आणि काळ्या रानात खड्डा न घेता वीतभर उंच वरंबा करून त्यावर लावायचं. काळ्या मातीतला खड्डा पावसाळ्यात हौदासारखा भरून राहतो.

कुंडीसाठी दोन भाग पोयटा, एक भाग मुरलेलं शेणखत आणि एक भाग जाडी वाळू किंवा विटांचा चुरा. साखर कारखान्याची ताजी मळी घालू नये, ती तापते. कृष्णाकाठच्या चोपण जमिनीत आणि खाऱ्या बोअरच्या पाण्यावर शेंडे करपतात. तिथे कुंडीच बरी आणि पावसाचं पाणी साठवता आलं तर उत्तम. 2005, 2019 आणि 2021 चे महापूर पाहिलेल्या सांगलीकराला कुंडीचा दुसरा फायदा सांगायला नको. ती उचलून माडीवर नेता येते.

पाणी

बोट दोन पेरं मातीत खुपसावं. कोरडं लागलं तरच पाणी द्यावं, आणि द्यायचं तेव्हा तळाच्या भोकातून येईपर्यंत. बुंध्याशी उसाचं पाचट अंथरलं की मातीचा ओलावा टिकतो. फक्त ते खोडाला टेकू देऊ नये.

लाल कोळी

उन्हाळ्यात झाड धुळकट, निस्तेज दिसू लागलं की फांदीखाली पांढरा कागद धरून दोन टिचक्या माराव्यात. कागदावर पडलेले बारीक ठिपके चालू लागले, तर तो लाल कोळी. कोरड्या हवेत तो झपाट्यानं वाढतो. सकाळी पाइपानं पाण्याचा जोरदार फवारा आतून-बाहेरून, चार-पाच दिवसांच्या अंतरानं. बहुतेक वेळा एवढ्यानं भागतं. नाहीच हटला तर निंबोळी अर्क संध्याकाळी. द्राक्षवाल्यांच्या घरी गंधक असतंच, पण ते कडक उन्हात मारलं तर पालवी भाजते.

आतल्या जुन्या फांद्या तपकिरी होऊन झडतात, तो मात्र रोग नाही. तिथे उजेड पोचत नाही एवढंच. उन्हाळा संपताना हात घालून तो वाळका पाला काढून टाकावा, म्हणजे पावसाळ्यात आत हवा खेळते.

कात्री कुठवर चालवावी

जास्वंद बुंध्यापासून तोडली तरी फुटते. या कुळाचं तसं नाही. हिरवा पाला संपून जिथे नुसतं तपकिरी लाकूड उरतं, तिथून नवा फुटवा जवळजवळ येतच नाही. शाळेतलं ते झाड खाली उघडं राहिलं, त्याचं कारण हेच. म्हणून फक्त हिरव्या शेंड्यांची टोकं खुडावीत, तीही थोडी. कुंपणासारखी सपाट छाटणी बुटक्या जातीला नकोच.

एक अपवाद लक्षात ठेवावा. बुटक्या जाती बहुधा एखाद्या रोपात किंवा फांदीत अचानक झालेल्या बदलातून निघतात, आणि कधी एखादी फांदी मूळ स्वभावावर जाते. ती हिरवीगार, जोमदार, बाकीच्यांपेक्षा वीतभर पुढे धावते. दिसताच ती उगमापासून कापावी. ठेवली तर दोन-तीन वर्षांत तीच सगळं झाड होऊन बसते.

आपलं रोप आपण करावं

बी रुजतं, पण बुटक्या झाडाच्या बियांतून बुटकंच रोप येईल याचा भरवसा नाही. छाटकलमच करावं. नोव्हेंबर-डिसेंबरात बोटभर लांबीची फांदी कात्रीनं न कापता खाली ओढून काढावी, म्हणजे तिला जुन्या लाकडाची छोटी टाच येते. खालचा पाला काढून ती जाड्या वाळूत खोचावी, वरून प्लॅस्टिकची पिशवी उलटी घालावी आणि कुंडी सावलीत ठेवावी. मुळं यायला काही महिने लागतात. मध्येच उपटून बघण्याचा मोह होतो, तो आवरावा. वळवाच्या पावसाच्या सुमारास शेंड्याला ताजा रंग चढलेला दिसला, की फांदी हलकेच ओढून पाहायची. वाळूनं ती धरून ठेवली, तर रोप लागलं.