शेवट माहीत असलेली थरारकथा

तुम्ही एखादी थरारक कादंबरी वाचायला घेता आणि कोणीतरी तिचा शेवट सांगून टाकतं. राग येतो ना? पण एका इंग्रज लेखकाने अशी कादंबरी लिहिली, जिचा शेवट वाचकांना आधीच माहीत होता. तरीही जगभर लाखो लोकांनी ती वाचली. त्या लेखकाचं नाव फ्रेडरिक फोर्साइथ आणि कादंबरीचं नाव ‘द डे ऑफ द जॅकल’.

वैमानिक आणि वार्ताहर

फोर्साइथ यांचा जन्म १९३८ साली इंग्लंडमधल्या ॲशफर्ड गावी झाला. शाळेच्या सुट्टीत वडील त्यांना फ्रान्स आणि जर्मनीतल्या कुटुंबांकडे राहायला पाठवत. तिथल्या माणसांशी बोलता बोलता त्यांना दोन्ही भाषा छान येऊ लागल्या. १९ व्या वर्षी ते ब्रिटिश हवाई दलात जेट विमान चालवत होते. नंतर ते पत्रकार झाले. १९६१ साली ते रॉयटर्स या वृत्तसंस्थेत लागले. फ्रेंच येत असल्यामुळे त्यांना पॅरिसला पाठवलं गेलं.

त्या वेळी फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष चार्ल्स द गॉल यांच्या जिवाला धोका होता. अल्जेरिया फ्रान्सपासून स्वतंत्र झाला, म्हणून ‘ओएएस’ ही गुप्त संघटना त्यांच्यावर चिडली होती. ऑगस्ट १९६२ मध्ये पॅरिसजवळ त्यांच्या गाडीवर गोळीबार झाला. द गॉल थोडक्यात वाचले. हे सगळं वार्ताहर फोर्साइथ जवळून बघत होते.

खिसा रिकामा, हाती टाइपरायटर

१९६७ साली नायजेरियात यादवी युद्ध पेटलं. बियाफ्रा हा भाग देशापासून वेगळा झाला होता. तिथे लाखो माणसं उपासमारीने मेली, त्यांत लहान मुलं फार होती. फोर्साइथ तिथे बीबीसीचे वार्ताहर म्हणून गेले. पण या युद्धाच्या बातम्या कशा द्यायच्या, यावरून मतभेद झाले. त्यांनी नोकरी सोडली आणि ते स्वतःच्या जबाबदारीवर पुन्हा बियाफ्रात गेले.

१९७० च्या जानेवारीत ते लंडनला परतले, तेव्हा ना नोकरी होती ना पैसे. मग त्यांनी टाइपरायटर पुढे ओढला आणि अवघ्या ३५ दिवसांत कादंबरी लिहून काढली. तिच्यात ‘जॅकल’ नावाचा भाडोत्री मारेकरी द गॉल यांना मारायला निघतो.

काही प्रकाशकांनी ती नाकारली. द गॉल तर अजून जिवंत होते! मारेकरी हरणार हे सगळ्यांनाच ठाऊक, मग वाचणार कोण? अखेर १९७१ साली कादंबरी छापली गेली आणि खूप गाजली. १९७३ मध्ये तिच्यावर सिनेमाही आला.

मग थरार कशात आहे?

‘काय होणार?’ हे आपल्याला माहीत असतं. ‘कसं होणार?’ हे मात्र माहीत नसतं. जॅकल खोटा पासपोर्ट कसा मिळवतो, ते बघा. तो इंग्लंडमधल्या स्मशानात एका मुलाची कबर शोधतो. तो मुलगा जगला असता, तर साधारण जॅकलच्याच वयाचा झाला असता. मग जॅकल त्या मुलाचा जन्मदाखला काढतो आणि त्याच्या नावाने अर्ज करतो. अशी पळवाट तेव्हा खरोखरच होती! एका बाजूला जॅकलची तयारी चालते, तर दुसऱ्या बाजूला पोलीस अधिकारी लेबेल शांतपणे एकेक धागा जोडत जातो. दोघांतलं अंतर कमी होतं, तशी आपली धडधड वाढते.

वार्ताहर जशी बातमी पारखून घेतो, तशीच फोर्साइथ प्रत्येक गोष्टीची माहिती काढत. म्हणून त्यांची काल्पनिक कथाही खरी वाटते. पुढे त्यांनी ‘द ओडेसा फाइल’, ‘द डॉग्ज ऑफ वॉर’ अशा अनेक कादंबऱ्या लिहिल्या. ब्रिटिश गुप्तहेर खात्याला आपण मदत केली होती, हे त्यांनी २०१५ साली आत्मचरित्रात सांगून टाकलं. जून २०२५ मध्ये, वयाच्या ८६ व्या वर्षी त्यांचं निधन झालं.

शब्दार्थ
वार्ताहर – बातम्या देणारा पत्रकार
यादवी युद्ध – एकाच देशातल्या लोकांचं आपसांतलं युद्ध
भाडोत्री – पैसे घेऊन काम करणारा
पळवाट – नियमातून निसटण्याची वाट

विचार करा, लिहा
१. प्रकाशकांनी कादंबरी का नाकारली? त्यांचं म्हणणं तुम्हाला पटतं का?
२. पत्रकारितेचा फोर्साइथ यांना कादंबरी लिहिताना कसा उपयोग झाला?
३. शेवट सगळ्यांना माहीत आहे अशी एखादी घटना निवडा. ती ‘कशी’ घडली, हे पाच वाक्यांत लिहा. वाचणाऱ्याची उत्सुकता टिकली पाहिजे हं!