मैदानावरून पडद्यावर : वुडी स्ट्रोड

आधी एक गोष्ट क्लिअर करू. अमेरिकेत ज्याला फुटबॉल म्हणतात तो आपला फुटबॉल नव्हे. त्यात पायांचं काम कमी आणि हातांचं, खांद्यांचं जास्त. चेंडू लांबट, मैदान 100 यार्डांचं, आणि चार प्रयत्नांत 10 यार्ड पुढे सरकता आलं नाही तर चेंडू समोरच्या टीमकडे. या खेळाचं वेड तिथे कॉलेजपासूनच असतं.

वुडी स्ट्रोड (1914-1994) हा या कॉलेज फुटबॉलचा हिरो. जन्म लॉस एंजेलिसचा, कॉलेज यूसीएलए. तो 'एंड' या जागेवर खेळायचा. म्हणजे ओळीच्या टोकाला उभं राहून समोरच्याला अडवायचं आणि संधी मिळाली की धावत जाऊन पास पकडायचा. 1939 साली त्याच्या टीममध्ये केनी वॉशिंग्टन आणि जॅकी रॉबिन्सन होते. तिघेही कृष्णवर्णीय. त्या काळात बऱ्याच मोठ्या कॉलेजांच्या टीममध्ये एकही काळा खेळाडू नसायचा! त्या सीझनला ही टीम एकही मॅच हरली नाही. 6 जिंकल्या, 4 बरोबरीत सुटल्या. यूएससीविरुद्धची 0-0 अशी सुटलेली मॅच बघायला लाखावर लोक आले होते. आपल्या गॅदरिंगच्या गर्दीपुढे किती शून्यं लावायची ते तुम्हीच ठरवा.

एवढा खेळाडू सरळ प्रोफेशनल लीगमध्ये जाणार, असं कुणालाही वाटेल. पण 1934 ते 1945 या काळात एन.एफ.एल.मध्ये एकही काळा खेळाडू नव्हता. तसा नियम कुठे लिहिलेला नव्हता. मालकांचं आपापसात ठरलेलं. अशा प्रकाराला 'जंटलमन्स अ‍ॅग्रीमेंट' असा गोड शब्द आहे. आमच्या कॉन्व्हेंटमध्ये जंटलमन म्हणजे दुसऱ्यासाठी दार उघडून धरणारा. इथे तो दार लावून घेणारा निघाला.

हे दार उघडलं ते पैशाच्या हिशोबाने. 1946 मध्ये रॅम्स ही टीम क्लीव्हलंड सोडून लॉस एंजेलिसला आली. त्यांना खेळायला कोलिझियम हवं होतं आणि ते स्टेडियम सार्वजनिक मालकीचं. काळ्या पत्रकारांनी मुद्दा लावून धरला की टॅक्स आम्हीही भरतो, मग आमचे खेळाडू का नाहीत? रॅम्सने आधी वॉशिंग्टनला आणि मग स्ट्रोडला घेतलं. पण तोवर वॉशिंग्टनचे गुडघे गेले होते आणि स्ट्रोड बत्तीस वर्षांचा झाला होता. एका सीझननंतर त्याला काढून टाकलं. ते दिवस आयुष्यातले सर्वांत वाईट होते, असं त्याने पुढे सांगितलं. 1947 साली रॉबिन्सन बेसबॉलमध्ये आला आणि जगप्रसिद्ध झाला. ही दोन नावं मात्र मागे राहिली.

स्ट्रोड थांबला नाही. कॅनडात कॅलगरीकडून खेळून 1948 चा ग्रे कप जिंकला, कुस्त्या केल्या, 'रामार ऑफ द जंगल' या टीव्ही मालिकेत दिसला. 1960 मध्ये 'स्पार्टाकस' आला. त्यातला ड्राबा हा ग्लॅडिएटर हरलेल्या स्पार्टाकसला मारायला नकार देतो आणि हातातला त्रिशूळ वर बसलेल्या रोमन बड्या लोकांवर फेकतो. संवाद जवळजवळ नाहीतच, तरी मी तो सीन तीनदा मागे नेऊन पाहिला. या भूमिकेला गोल्डन ग्लोबचं नॉमिनेशन होतं. त्याच वर्षी जॉन फोर्डच्या 'सार्जंट रटलेज'मध्ये तो खोटा आळ आलेला सैनिक झाला. आणि 'टॉय स्टोरी'तला वुडी आठवतो ना? ते नाव याच वुडीवरून ठेवलेलं आहे.

लेखी नियमाविरुद्ध निदान अर्ज तरी करता येतो. अलिखित नियम नोटीस बोर्डावर लागतच नाही, म्हणून तो मोडायला बारा वर्षं लागतात, आणि ती वर्षं कुणाच्या तरी उमेदीतून वजा होतात. आपल्या मेसमध्ये, रूम अ‍ॅलॉटमेंटमध्ये, ग्रुप पाडताना असं न बोलता काय काय ठरतं, ते एकदा मोजून बघायला हरकत नाही.