लंडन मोनार्क्स : पहिल्याच हंगामात जगज्जेते

अमेरिकन फुटबॉलच्या एका नव्याकोऱ्या लीगची सुरुवात 23 मार्च 1991 रोजी झाली, तीही अमेरिकेबाहेर. जर्मनीतल्या फ्रँकफुर्टच्या वाल्डस्टाडियनवर स्थानिक गॅलक्सी आणि पाहुणा लंडन मोनार्क्स समोरासमोर आले. आखाती युद्ध थांबून महिनाही उलटला नव्हता. लंडनने सामना 24-11 असा जिंकला आणि पुढे अडीच महिने हा संघ जिंकतच राहिला, मध्ये फक्त एकदा अडखळला. युरोपातल्या शहराचा संघ अमेरिकनांना त्यांच्याच खेळात हरवू शकतो, हे त्या वसंतात लंडनकरांनी डोळ्यांनी पाहिले.

लीगचे नाव वर्ल्ड लीग ऑफ अमेरिकन फुटबॉल. कल्पना आणि पैसा दोन्ही एनएफएल या अमेरिकेतल्या मुख्य व्यावसायिक लीगचे. त्या वेळच्या 28 पैकी 26 क्लबांनी तिच्यात भांडवल घातले होते. एकूण दहा संघ : युरोपात लंडन, बार्सिलोना आणि फ्रँकफुर्ट, कॅनडात मॉन्ट्रियल आणि अमेरिकेत सहा. एनएफएलचा हंगाम तेव्हा जानेवारीत आटोपत असे. त्यानंतरच्या रिकाम्या महिन्यांत हे सामने खेळवायचे, तरुण खेळाडूंना सराव मिळवून द्यायचा आणि अटलांटिकपलीकडे नवा प्रेक्षक जोडायचा, असा हा मनसुबा होता.

लंडनमध्ये त्यासाठीची जमीन आधीच भुसभुशीत झाली होती. 1982 साली चॅनल फोर ही दूरचित्रवाहिनी सुरू झाली आणि तिने एनएफएलचे सामने ब्रिटिश घरांत पोहोचवले. क्रिकेट आणि सॉकरवर वाढलेल्या पोरांना हेल्मेट घालून एकमेकांवर आदळणाऱ्या या धिप्पाड गड्यांचे वेड लागले. लंडन रेव्हन्ससारखे हौशी क्लब उभे राहिले. ऑगस्ट 1986 मध्ये शिकागो बेअर्स आणि डॅलस काउबॉइज लंडनच्या वेम्ब्ली स्टेडियमवर सरावाचा सामना खेळले, तेव्हा ऐंशी हजारांवर माणसे आली होती. वेम्ब्ली भरते म्हटल्यावर अमेरिकन मालकांच्या तोंडाला पाणी सुटले नसते तरच नवल.

मोनार्क्सची भरती मात्र मोठ्या नावांची नव्हती. बहुतेक खेळाडू अमेरिकन होते आणि त्यातले बरेचसे एनएफएलच्या दारातून परत पाठवलेले. पगारही बेताचा : क्वार्टरबॅकला हंगामाचे पंचवीस हजार डॉलर, किकरला पंधरा हजार, बाकीच्यांना वीस. क्वार्टरबॅक स्टॅन गेलबाचेच पाहा. 1986 मध्ये डॅलसने त्याला निवडले होते, पण एनएफएलमध्ये त्याचे बूड कुठेच स्थिर झाले नव्हते. प्रशिक्षक लॅरी केनन यांनी लॉस एंजेलिस रेडर्समध्ये वर्षानुवर्षे क्वार्टरबॅकच घडवले होते. या दोघांचे सूत जुळले आणि हंगामाचे चित्र पालटले.

हा खेळ आपल्याकडे फारसा पाहिला जात नाही, म्हणून थोडे समजून घेऊ. अकरा-अकरा गडी. चेंडू ज्यांच्या हातात, त्यांना चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचे असते. जमले तर पुन्हा चार प्रयत्न मिळतात, नाही जमले तर चेंडू समोरच्यांचा. कबड्डीत चढाई करणाऱ्याचा एक श्वास, तसा इथे एक प्रयत्न : काही सेकंदांचा, आधी मनात आखलेला, आणि बहुतेक वेळा धडकेने संपणारा. त्या सेकंदांत क्वार्टरबॅक मागे सरकतो, पुढे धावणाऱ्या साथीदारांपैकी मोकळा कोण ते हेरतो आणि चेंडू फेकतो. तो आडवा-उभा विचार करत बसला, तर समोरचे शे-सव्वाशे किलोचे गडी त्याला जमिनीवर लोळवतात. गेलबा फेकायला उशीर लावत नसे. जॉन हॉर्टन लांब धावत जाऊन त्याचे फेकलेले चेंडू झेलायचा, तर जड्ड गॅरेट जवळच्या जवळ झेलून वाट काढायचा.

आकडे पाहिले की या संघाचा धाक कळतो. साखळीतल्या दहा सामन्यांत मोनार्क्सने 310 गुण केले आणि फक्त 121 दिले. मॉन्ट्रियलला 45-7 असे चिरडले. अलाबामातल्या बर्मिंगहॅमच्या संघाला तर एकही गुण करू दिला नाही, 27-0. आक्रमणाचे कौतुक नेहमीच जास्त होते, पण लंडनची खरी ताकद बचावात होती, असे हे आकडे सांगतात.

प्रत्येक संघात उत्तर अमेरिकेबाहेरचे चार तरी खेळाडू हवेत, असा नियम होता. लंडन रेव्हन्सचा धावपटू व्हिक्टर एबुबेडिके त्यातून मोनार्क्समध्ये आला. आणि किकर फिल अलेक्झांडर तर नॉर्विच सिटीकडून सॉकर खेळलेला इंग्रज. टचडाउन, म्हणजे चेंडू घेऊन शेवटची रेघ ओलांडणे, झाला की खांबांमधून चेंडू मारून एक गुण जोडायचा, किंवा लांबून मारून तीन मिळवायचे, हे त्याचे काम. ज्या वेम्ब्लीवर पाय ठेवण्याची स्वप्ने सॉकरपटू पाहतात, तिथे हा माणूस अंड्याच्या आकाराचा चेंडू लाथेने उडवत होता. परदेशी संघाला आपलेसे करायला अशी घरची माणसे फार उपयोगी पडतात. पुढे हाच अलेक्झांडर क्रिस्टल पॅलेस या सॉकर क्लबचा मुख्य कार्यकारी अधिकारी झाला.

वेम्ब्ली तेव्हा जुने होते, दोन पांढऱ्या मनोऱ्यांचे. मैदानाभोवती ग्रेहाउंड कुत्र्यांच्या शर्यतीची धावपट्टी असल्यामुळे प्रेक्षक खेळापासून लांब बसत. तरीही घरच्या पहिल्याच सामन्याला चाळीस हजारांवर लोक आले. ही गर्दी उसनी नव्हती. हा संघ आपल्या शहराचा, ही भावना काही आठवड्यांत तयार झाली. अमेरिकेतल्या बहुतेक संघांना ते भाग्य लाभले नाही. रॅले-डरहॅमचा संघ दहाही सामने हरला आणि पहिल्या हंगामानंतर गुंडाळला गेला.

साखळी संपली तेव्हा तक्ता पाहण्यासारखा होता. लंडन 9 विजय, बार्सिलोना 8, फ्रँकफुर्ट 7. दहा संघांत वरचे तिन्ही क्रमांक युरोपचे. पण संघ तीन गटांत विभागलेले होते आणि बाद फेरीत तिन्ही गटांचे विजेते आणि आणखी एकच संघ, अशी रचना होती. त्यामुळे सात सामने जिंकलेला फ्रँकफुर्ट घरी बसला आणि पाचच जिंकलेले न्यू यॉर्क-न्यू जर्सी आणि बर्मिंगहॅम पुढे गेले. फ्रँकफुर्टवर हा सरळसरळ अन्याय होता.

मोनार्क्सचा एकमेव पराभव साखळीच्या शेवटच्या सामन्यात, वेम्ब्लीवरच झाला : बार्सिलोना ड्रॅगन्सकडून 20-17. उपांत्य सामन्यासाठी संघ अमेरिकेला गेला आणि न्यू यॉर्क-न्यू जर्सी नाइट्सना त्यांच्या अंगणात 42-26 असे नमवून परतला. तिकडे बार्सिलोनाने बर्मिंगहॅमला 10-3 हरवले. म्हणजे अमेरिकन फुटबॉलच्या या जागतिक स्पर्धेच्या अंतिम सामन्यात एकही अमेरिकन शहर उरले नाही.

9 जून 1991. पहिला वर्ल्ड बोल, म्हणजे हा अंतिम सामना, वेम्ब्लीवर, 61,108 प्रेक्षकांसमोर. बार्सिलोनाने याच मैदानावर धक्का देऊन महिनाही झाला नव्हता, त्याची परतफेड झाली. गेलबाने हॉर्टनला आणि गॅरेटला टचडाउनचे चेंडू दिले, पण दिवस डॅन क्रॉसमनचा ठरला. क्रॉसमन सेफ्टी, म्हणजे बचावफळीचा शेवटचा पहारेकरी. बाकीचे गडी समोरच्याला भिडतात, तेव्हा हा मागे उभा राहून क्वार्टरबॅकची नजर कुठे वळते ते वाचत असतो. बार्सिलोनाचे तीन चेंडू त्याने असे मधल्या मध्ये पळवले आणि त्यातला एक घेऊन थेट टचडाउनची रेघ ओलांडली. लंडन 21, बार्सिलोना 0. सामन्याचा सर्वोत्तम खेळाडू क्रॉसमन. पुढे तो एनएफएलमध्ये प्रशिक्षक झाला, आणि गेलबालाही फिनिक्स, मग सिअॅटलमध्ये जागा मिळाली.

इतक्या सुंदर सुरुवातीनंतर जे झाले त्याने वाईट वाटते. केनन गेले, आणि 1992 मध्ये मोनार्क्सला फक्त दोन विजय मिळाले. हरणाऱ्या संघाकडे लंडनने पाठ फिरवली. त्याहून मोठे कारण अमेरिकेत होते. या सामन्यांना तिथे टीव्हीवर पुरेसे प्रेक्षक मिळेनात आणि दुसऱ्या हंगामानंतर एनएफएलने लीग थांबवली. युरोपची मैदाने भरत होती, पण हिशेब अमेरिकन टीव्हीच्या चोपडीत मांडला जात होता. ज्यांनी या खेळावर जीव लावला त्यांचे मत विचारलेच गेले नाही, हीच या कथेतली खरी चूक.

1995 मध्ये लीग फक्त युरोपातल्या सहा संघांनिशी पुन्हा सुरू झाली. मोनार्क्स आता टॉटनहॅमच्या व्हाइट हार्ट लेनवर खेळू लागले. तिथे शंभर यार्डांचे मैदान बसेना, म्हणून 93 यार्डांवरच भागवावे लागले. 1998 नंतर मोनार्क्स बंद झाला आणि त्याची जागा बर्लिनने घेतली. लीगने मात्र माणसे घडवली. अॅमस्टरडॅमकडून खेळलेला कर्ट वॉर्नर दीड-दोन वर्षांत सुपर बोल, म्हणजे एनएफएलचा अंतिम सामना, जिंकला. पुढे भारतात एलिट फुटबॉल लीग निघाली, जिच्यात पुणे मराठाज नावाचा संघ होता, तेव्हा तिच्या पाठीराख्यांतही वॉर्नर होता.

युरोपातली ही लीग जून 2007 मध्ये कायमची बंद झाली. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये एनएफएलने नव्या वेम्ब्लीवर साखळीचा खरा सामना खेळवला, न्यू यॉर्क जायंट्स विरुद्ध मायामी डॉल्फिन्स. तेव्हापासून अमेरिकन संघ लंडनला पाहुणे म्हणून येतात आणि तिकिटे संपतात. पण या खेळात लंडनचे नाव लावून विजेतेपद मिळवणारा व्यावसायिक संघ आजवर एकच झाला, 1991 चा मोनार्क्स.